दोन फेऱ्या आणि एक गुण : निकी लाउडाची गोष्ट



अशा व्याख्यानांत आपण बहुतेक वेळा लेखक, शास्त्रज्ञ, समाजसुधारक यांच्याविषयी बोलतो. आज मोटारशर्यतीतल्या एका ड्रायव्हरविषयी बोलायचं ठरवलं, तेव्हा दोघातिघांनी आम्हाला विचारलंच, की अहो, गोल गोल गाडी फिरवणाऱ्या माणसाकडून शिकायचं तरी काय? प्रश्न रास्त आहे. गंमत अशी, की ज्याच्याविषयी आपण बोलणार आहोत त्यालाही एकदा हाच प्रश्न पडला होता, आणि भर सरावातून गाडी सोडून तो सरळ घरी निघून गेला होता. ते पुढे येईलच.

सुरुवात एका दुपारपासून करू. २४ ऑक्टोबर १९७६. जपानमधला फुजी हा ट्रॅक. पाऊस असा, की ट्रॅकवर ठिकठिकाणी पाणी वाहतंय, आणि वर धुकं. फॉर्म्युला वनच्या त्या वर्षातली ही शेवटची शर्यत. ऑस्ट्रियाचा निकी लाउडा ६८ गुणांवर होता, इंग्लंडचा जेम्स हंट ६५ वर. म्हणजे जगज्जेता कोण, हे त्या दुपारी ठरणार होतं. शर्यत सुरू झाली. लाउडाने दोन फेऱ्या पूर्ण केल्या, गाडी पिटमध्ये आणली आणि तो खाली उतरला. गाडीत काहीही बिघाड नव्हता. हंट तिसरा आला, त्याला चार गुण मिळाले, ६९ झाले. लाउडा एका गुणाने हरला.

आता आपल्याकडे धाडसाची कल्पना कशी असते? जो पुढे जातो तो शूर, जो मागे फिरतो तो भित्रा. त्या हिशेबाने लाउडा भ्याला असं म्हणावं लागेल. इटलीतल्या काही वर्तमानपत्रांनी तसं म्हटलंही. पण हा माणूस त्याच वर्षी, त्याच्या बारा आठवडे आधी, जळत्या गाडीतून अर्धमेला बाहेर काढला गेला होता आणि सहा आठवड्यांत पुन्हा शर्यतीत उतरला होता. मग हा भित्रा कसा? आणि भित्रा नसेल, तर त्याने गाडी का थांबवली? आजच्या व्याख्यानाचा विषय म्हणाल तर एवढाच आहे. पण त्याचं उत्तर त्या दुपारीच शोधून मिळत नाही. त्यासाठी पूर्ण आयुष्य बघावं लागतं.

आंद्रेआस निकोलाउस लाउडा, घरचं नाव निकी. जन्म २२ फेब्रुवारी १९४९, व्हिएन्ना. घराणं तालेवार. आजोबा हान्स लाउडा हे ऑस्ट्रियातल्या उद्योगजगतातलं बडं प्रस्थ. नातवाने उद्योगधंद्यात यावं ही साधी अपेक्षा. नातवाला शाळेत रस नाही, अभ्यासात नाही, रस फक्त गाड्यांत. आजोबांचं म्हणणं असं सांगतात, की लाउडा हे नाव वर्तमानपत्राच्या अर्थविषयक पानावर शोभतं, क्रीडा पानावर नाही.

आता मोटारशर्यतीचा एक व्यवहार समजून घेतला पाहिजे. या खेळात नवख्या ड्रायव्हरला संघ पगार देत नाही, उलट त्याच्याकडूनच पैसे घेतो. एवढे पैसे आण, तर गाडीत बसवतो. लाउडाने व्हिएन्नातल्या एका बँकेकडून प्रायोजकत्व मिळवलं, तर आजोबांनी आपलं वजन वापरून ते थांबवलं. मग तो दुसऱ्या बँकेत गेला, कर्ज काढलं आणि तारण म्हणून काय दिलं? स्वतःचा आयुर्विमा! म्हणजे बघा, शर्यतीत जिवंत राहिला तर कर्ज फेडील, मेला तर विम्यातून बँकेचे पैसे वसूल. बावीस-तेवीस वर्षांच्या पोराने स्वतःच्या मरणाची किंमत कागदावर मांडून सही केली. आमच्या मते लाउडा समजून घ्यायची किल्ली इथे आहे. त्याने धोका कधी नाकारला नाही आणि त्याचं कौतुकही केलं नाही. तो धोका मोजायचा.

कर्जाच्या पैशांवर तो मार्च नावाच्या संघात शिरला. १९७१ मध्ये ऑस्ट्रियातच पहिली फॉर्म्युला वन शर्यत. १९७२ चं संपूर्ण वर्ष फुकट गेलं, एकही गुण नाही. कर्ज डोक्यावर. साधा माणूस इथे हात टेकतो. हा मात्र बीआरएम या दुसऱ्या संघात गेला, पुन्हा पैशाचीच बोली करून. १९७३ मध्ये मोनॅकोच्या अरुंद रस्त्यांवर तो त्या बेताच्या गाडीतून तिसऱ्या क्रमांकापर्यंत पोचला. गाडी पुढे बिघडली, पण बघणाऱ्यांनी बघितलं. त्या बघणाऱ्यांत एन्झो फेरारी होते. बीआरएममधला सहकारी क्ले रेगाझोनी फेरारीत चालला होता, त्यानेही शब्द टाकला. १९७४ पासून लाउडा फेरारीत.

तिथला एक किस्सा तो स्वतः सांगत असे. फेरारीची गाडी पहिल्यांदा चालवून बघितल्यावर एन्झोंनी विचारलं, कशी वाटली? दुभाषाचं काम एन्झोंचा मुलगा करत होता. लाउडा म्हणाला, गाडी अगदीच वाईट आहे, वळणावर पुढची चाकं ऐकत नाहीत. मुलगा घाबरला, म्हणाला, असं सांगता येणार नाही! कसंबसं भाषांतर झालं. एन्झोंनी विचारलं, तू सांगतोस तसं दुरुस्त केलं तर किती फरक पडेल? लाउडाने सांगितलं, अर्धा सेकंद. ठीक आहे, आठवड्यात दाखव, नाहीतर घरी जा. आणि फरक पडला.

अर्धा सेकंद म्हटल्यावर आपल्याला हसू येईल. पण या खेळात एका फेरीत अर्धा सेकंद म्हणजे साठ फेऱ्यांत तीस सेकंद, आणि तीस सेकंदांत पहिला आणि आठवा यांतलं अंतर सहज मावतं. लाउडाचं वैशिष्ट्य हेच होतं, की गाडीचा एखादा भाग बदलल्यावर नेमका कुठे, किती फरक पडला हे त्याला बसल्या जागी जाणवायचं आणि नेमक्या शब्दांत सांगता यायचं. फेरारीचा फिओरानो इथे स्वतःचा ट्रॅक होता. तिथे तो, अभियंते माउरो फोर्गिएरी आणि कारागीर दिवसचे दिवस घासत बसायचे. १९७५ मध्ये फळ मिळालं. पाच शर्यती जिंकून लाउडा जगज्जेता झाला. फेरारीच्या ड्रायव्हरला हा मान अकरा वर्षांनी मिळाला होता.

इथपर्यंत ही यशोगाथा. आता त्या काळाची दुसरी बाजू बघू. सत्तरच्या दशकात फॉर्म्युला वनमध्ये जवळजवळ दरवर्षी कुणी ना कुणी ड्रायव्हर मरत असे. लाउडाचाच देशबंधू योखेन रिंट १९७० मध्ये मॉन्झाला सरावात मेला, आणि वर्षअखेरीला त्याचेच गुण सर्वाधिक भरले, म्हणून जगज्जेतेपद मेलेल्या माणसाला दिलं गेलं. कारणं काय होती? गाड्यांचं बळ वाढत गेलं होतं. गाडीच्या पाठीवरचा पंखा वारा दाबून गाडीला रस्त्याला चिकटवतो, त्यामुळे वळणावरचा वेग प्रचंड झाला. पण ट्रॅक जुनेच. कडेला झाडं, लोखंडी कठडे, मधोमध कापले जाऊ शकणारे खांब. ड्रायव्हरच्या दोन्ही बाजूंना आणि पाठीमागे पेट्रोल. आग विझवणारे कमी, डॉक्टर त्याहून कमी. स्कॉटलंडचा जॅकी स्टुअर्ट हा तीन वेळचा जगज्जेता वर्षानुवर्षं सांगत होता, की हे बदला. त्यालाही भित्रा म्हणणारे होतेच.

आणि ट्रॅकांमध्ये सगळ्यांत भयानक म्हणजे जर्मनीतला न्युर्बुर्गरिंग. आयफेलच्या डोंगराळ जंगलात १९२७ मध्ये बांधलेला. एक फेरी २२.८ किलोमीटरची! दीडशेहून अधिक वळणं, चढउतार असे की गाडी काही ठिकाणी चारी चाकांनी हवेत. स्टुअर्टने त्याला नाव ठेवलं होतं, हिरवा नरक. आता साधा विचार करा. चार-पाच किलोमीटरचा ट्रॅक असेल तर ठरावीक अंतरावर अग्निशामक माणसं उभी करता येतात. तेवीस किलोमीटर जंगलात किती उभी करणार? एका टोकाला पाऊस आणि दुसऱ्या टोकाला ऊन, हे तिथे नेहमीचं.

१९७६ मध्ये शर्यतीआधी लाउडाने प्रस्ताव मांडला, की इथे सुरक्षेची व्यवस्था पुरेशी नाही, आपण ड्रायव्हरांनी ही शर्यत करू नये. मतदान झालं, प्रस्ताव पडला. हे म्हणणारा कोण होता, हे लक्षात घ्या. आदल्या वर्षी याच ट्रॅकवर सात मिनिटांच्या आत फेरी पूर्ण करणारा पहिला माणूस लाउडाच होता. ६ मिनिटं ५८.६ सेकंद. म्हणजे जमत नाही म्हणून नको म्हणणारा तो नव्हता. सगळ्यांत वेगाने तिथून जाणाराच सांगत होता, की बाबांनो, इथे काही झालं तर वाचवायला कुणी नाही.

१ ऑगस्ट १९७६. ट्रॅक काही ठिकाणी ओला, काही ठिकाणी कोरडा. शर्यतीचे टायर दोन प्रकारचे असतात. कोरड्यासाठी अगदी गुळगुळीत, कारण जितकं रबर रस्त्याला टेकेल तितकी पकड जास्त. ओल्यासाठी खाचांचे, कारण पाणी बाजूला ढकलावं लागतं. बहुतेकांनी ओल्याचे टायर लावून सुरुवात केली आणि पहिल्या फेरीनंतर ते बदलले. दुसऱ्या फेरीत बेर्गवेर्क नावाच्या वळणाआधी लाउडाची फेरारी अचानक उजवीकडे फेकली गेली, दरडीवर आपटली, पेटली आणि आगीसकट ट्रॅकवर परत आली. मागून येणारी गाडी तिच्यावर धडकली. नेमकं का घडलं, याचा उलगडा आजवर निश्चित झालेला नाही. मागच्या चाकाजवळचा एखादा भाग तुटला असावा, हा सगळ्यांत जास्त मानला गेलेला अंदाज.

लाउडाचं हेल्मेट निघून गेलं होतं. तो जवळजवळ एक मिनिट आगीत अडकला होता. त्याला बाहेर कुणी काढलं? अग्निशामक दलाने नाही. मागून येणाऱ्या ड्रायव्हरांनी. आर्तुरो मेर्झारिओ, गाय एडवर्ड्झ, ब्रेट लंगर, हाराल्ड एर्टल, ही नावं आम्ही मुद्दाम उच्चारतो. मेर्झारिओने आगीत हात घालून त्याचे पट्टे सोडवले. शर्यतीआधी लाउडा जे सांगत होता ते असं त्याच्याच अंगावर सिद्ध झालं.

चेहरा आणि डोकं भाजलं, उजवा कान बराचसा गेला, पापण्या गेल्या. पण खरा धोका आत होता. जळत्या प्लास्टिकचा आणि धातूचा विषारी धूर फुप्फुसांत गेला होता. रुग्णालयात धर्मगुरू येऊन मरणासन्न माणसाला देतात तो अखेरचा संस्कार देऊन गेले. लाउडाने नंतर सांगितलं, की तो सगळं ऐकत होता आणि मेंदू चालू ठेवण्यासाठी भोवतीच्या आवाजांना चिकटून होता.

आणि मग १२ सप्टेंबर १९७६, मॉन्झा. अपघातानंतर बेचाळीस दिवस. फक्त दोन शर्यती चुकल्या होत्या. जखमा ओल्या, पट्ट्यांना रक्त चिकटलेलं, हेल्मेट घालताना आणि काढताना यातना. तो चौथा आला. खेळाच्या इतिहासात असं पुनरागमन क्वचितच झालं असेल. प्रेक्षक रडले, असं म्हणतात.

पण आम्हाला या मॉन्झातला शुक्रवार अधिक महत्त्वाचा वाटतो. रविवारी शर्यत, शुक्रवारी पहिला सराव, तोही पावसात. त्या दिवशी पत्रकारांनी विचारलं, तर लाउडा म्हणाला, भीती मागे पडली, सगळं ठीक आहे. पुढे कित्येक वर्षांनी त्याने कबूल केलं, की ते खोटं होतं. शुक्रवारी गाडीत बसल्यावर तो भीतीने अक्षरशः गोठला होता, शरीर ऐकेना. प्रतिस्पर्ध्यांना कळू नये म्हणून खोटं बोलला. मग त्या रात्री त्याने विचार केला, की आपलं नेमकं चुकतंय कुठे? उत्तर असं सापडलं, की अपघाताआधी जसा चालवत होतो तसंच पहिल्या मिनिटापासून चालवायला बघतोय. दुसऱ्या दिवशी त्याने ठरवून हळू सुरुवात केली. घड्याळ बघायचं नाही. पहिला गिअर, दुसरा गिअर, नवशिक्यासारखं. वेग आपोआप वाढत गेला, आणि शनिवारअखेर फेरारीच्या तीन ड्रायव्हरांत सर्वांत वेगवान तोच होता. भीतीशी तो भांडला नाही. तिच्यापुरती जागा करून दिली आणि उरलेल्या जागेत काम केलं.

आता परत फुजीला येऊ. मधल्या काळात हंटने कॅनडा आणि अमेरिका, दोन्ही शर्यती जिंकून अंतर तीन गुणांवर आणलं होतं. फुजीला पावसामुळे सुरुवात लांबत चालली होती. ड्रायव्हर म्हणत होते, आज नको. पण जगभर दूरचित्रवाणीवर प्रक्षेपण ठरलेलं, अंधार पडायच्या आत उरकायचं, म्हणून शर्यत सोडली.

ओल्या रस्त्यावर वेगात काय होतं ते सांगतो. टायरच्या खाचा ठरावीक पाणीच बाजूला टाकू शकतात. त्याहून जास्त पाणी आलं, की टायर रस्त्याला टेकतच नाही, पाण्याच्या थरावर तरंगतो. मग स्टिअरिंग फिरवा नाहीतर ब्रेक दाबा, गाडीला काही कळत नाही. त्यात पुढच्या गाडीने उडवलेलं पाणी, म्हणजे समोरचं दिसत नाही. इथे कौशल्याचा संबंध संपतो आणि नशिबाचा सुरू होतो. त्यात लाउडाच्या पापण्या नीट मिटत नव्हत्या, डोळ्यांतून पाणी वाहत होतं. दोन फेऱ्यांत त्याचा हिशेब झाला, आणि तो उतरला. त्या दिवशी असा निर्णय घेणारा तो एकटा नव्हता. एमर्सन फिटिपाल्डी, कार्लोस पाचे आणि लॅरी पर्किन्स हेही आपणहून थांबले. पण त्यांच्यापैकी कुणाचं जगज्जेतेपद पणाला लागलं नव्हतं.

इथे फोर्गिएरी पुढे आले. म्हणाले, आपण सांगू, इंजिन बिघडलं म्हणून. सोयीची गोष्ट होती. कुणाला कळलं नसतं, लाउडाचं नाव राहिलं असतं. लाउडाने नकार दिला. खरं कारण सांगा, म्हणाला. आमच्या मते त्या वर्षातलं सर्वांत मोठं धाडस हे होतं. मॉन्झाला त्याने भीती लपवली होती, फुजीला लपवली नाही. शर्यत संपायच्या आत तो विमानतळाकडे निघाला होता. हंट जगज्जेता झाल्याचं त्याला तिथे कळलं.

यावर कुणी म्हणेल, की पुढे पाऊस थांबला, ट्रॅक सुकत गेला, हंटने शर्यत पूर्ण केली, त्याला काही झालं नाही. मग लाउडा चुकलाच की! मंडळी, निर्णय बरोबर होता की नाही हे पुढे काय झालं त्यावरून ठरवायचं नसतं. निर्णय घेताना हातात काय होतं, त्यावरून ठरवायचं असतं. डोळे बांधून रस्ता ओलांडणारा पलीकडे सुखरूप पोचला, म्हणून डोळे बांधणं शहाणपणाचं ठरत नाही. लाउडाने या निर्णयाचा पश्चात्ताप कधी बोलून दाखवला नाही. आणि हंटशी त्याची मैत्री होती ती तशीच राहिली.

फेरारीचा मात्र त्याच्यावरचा विश्वास डळमळला. संघात कार्लोस रॉयटेमान आला होता. लाउडाने १९७७ मध्ये तीनच शर्यती जिंकल्या, पण सातत्याने गुण गोळा करत दुसऱ्यांदा जगज्जेतेपद मिळवलं, आणि ते निश्चित होताच, दोन शर्यती शिल्लक असताना, फेरारी सोडली. पुढची दोन वर्षं ब्रॅबहम संघात. १९७९ मध्ये कॅनडात सराव चालू असताना त्याला वाटलं, पुरे झालं हे गोल गोल फिरणं. गाडी लावली, मालक बर्नी एकलस्टन यांना सांगितलं आणि गेला. त्याच वर्षी त्याने लाउडा एअर ही विमानकंपनी काढली होती. विमान चालवायचा परवाना त्याच्याकडे होताच.

विमानकंपनीला पैसा लागतो. शिवाय मन पुन्हा ओढ घेऊ लागलं असावं. १९८२ मध्ये तो मॅकलॅरन संघातून परतला, आणि परतल्यावर पहिली गोष्ट काय केली? संप! दक्षिण आफ्रिकेत क्यालामीला पहिली शर्यत होती. ड्रायव्हरांना सही करायला जो परवान्याचा अर्ज दिला होता, त्यातल्या बारीक अक्षरांतल्या अटी लाउडाने वाचल्या. ड्रायव्हर संघाला बांधला जाईल अशी ती मेख होती. इतरांनी न वाचता सह्या केल्या होत्या. लाउडा आणि दिदिए पिरोनी यांनी सगळ्यांना एका बसमध्ये भरलं, जोहान्सबर्गच्या एका हॉटेलात नेलं आणि रात्रभर एका दालनात गाद्या टाकून सगळे एकत्र झोपले, म्हणजे संघमालकांनी एकेकाला गाठून फोडू नये. एलिओ दे आंजेलिस पियानो वाजवत बसला होता. दुसऱ्या दिवशी तोडगा निघाला. बारीक अक्षरं वाचणारा माणूस संघटनेत असावा, हा धडा कुठल्याही कामगार चळवळीला मान्य व्हावा. आणि परतीनंतरच्या तिसऱ्याच शर्यतीत, लाँग बीचला, तो जिंकला.

१९८४ हे वर्ष तर हिशेबाचा कळसच. त्याच संघात तरुण आलँ प्रोस्त आला. एका फेरीच्या वेगात तो लाउडापेक्षा सरस होता. लाउडाने ते मान्य करून टाकलं. पहिल्या जागेसाठी शनिवारी जीव काढायचा नाही, रविवारच्या शर्यतीसाठी गाडी तयार करायची. संपूर्ण मोसमात तो एकदाही पहिल्या जागेवरून निघाला नाही. ऑस्ट्रियात, स्वतःच्या देशात, आघाडीवर असताना गिअरबॉक्समधला एक गिअर गेला. पहिल्यांदा त्याला वाटलं, संपलं. मग उरलेले गिअर चालतायत का बघितलं, आणि मागच्या पिकेला संशय येऊ न देता गाडी तशीच पुढे रेटत शर्यत जिंकली.

शेवटची शर्यत पोर्तुगालमध्ये एस्टोरिलला. लाउडा ६६, प्रोस्त ६२.५. प्रोस्त जिंकला, ७१.५. लाउडा अकराव्या जागेवरून निघाला होता आणि त्याला दुसरा क्रमांक हवाच होता. एकेकाला मागे टाकत तो तिसरा झाला. पुढच्या नायजेल मॅन्सलच्या गाडीचे ब्रेक गेले आणि लाउडा दुसरा. ७२. अर्ध्या गुणाने जगज्जेता!

आता हा अर्धा गुण आला कुठून? त्याच वर्षी मोनॅकोला मुसळधार पाऊस पडला. त्यात लाउडाची गाडीही घसरून बाद झाली होती. निम्म्याहून कमी फेऱ्या झाल्या असताना आयोजकांनी शर्यत थांबवली, आणि नियमाप्रमाणे सगळ्यांना निम्मे गुण दिले. प्रोस्त पहिला होता, त्याला नवाऐवजी साडेचार मिळाले. शर्यत पुढे चालून तो दुसरा जरी आला असता, तरी सहा गुण मिळून वर्षअखेर तोच जिंकला असता. म्हणजे बघा, १९७६ मध्ये पावसात शर्यत थांबवली नाही, लाउडा स्वतः थांबला आणि एका गुणाने हरला. १९८४ मध्ये पावसात शर्यत थांबवली गेली आणि तो अर्ध्या गुणाने जिंकला. यातून दैवाचा न्याय वगैरे काढायचा मोह आम्ही आवरतो. पण आठ वर्षांत खेळ कुठून कुठे आला, हे यात दिसतं. मुसळधार पावसात शर्यत थांबवणं हा आता आयोजकांचा अधिकार झाला होता, कुणा एकाचा भित्रेपणा उरला नव्हता. १९७६ नंतर न्युर्बुर्गरिंगच्या त्या जुन्या ट्रॅकवर फॉर्म्युला वन परत कधी गेली नाही. १९७८ पासून सिड वॉटकिन्स हे मेंदूशल्यविशारद कायमचे डॉक्टर म्हणून आले आणि पहिल्या फेरीत गाड्यांच्या मागोमाग डॉक्टरांची गाडी धावू लागली.

१९८५ मध्ये, एकूण २५ विजयांनंतर, लाउडा ड्रायव्हर म्हणून कायमचा निवृत्त झाला.

गोष्ट इथे संपली असती तर बरं झालं असतं. २६ मे १९९१ रोजी लाउडा एअरचं बोइंग ७६७ विमान बँकॉकहून व्हिएन्नाला निघालं आणि सुमारे पंधरा मिनिटांत थायलंडच्या जंगलावर हवेतच मोडलं. २२३ माणसं गेली, एकही वाचला नाही. लाउडा स्वतः तिथे गेला, अवशेषांतून फिरला. पुढे त्याने म्हटलं त्याचा आशय असा : शर्यतीत मी माझा जीव धोक्यात घालतो, तो माझा निर्णय. पण तिकीट काढून माझ्या विमानात बसलेला माणूस घरी पोचला नाही, तर तो प्रश्न निराळा आहे. चूक आमच्या कंपनीची निघाली तर कंपनी बंद करीन.

तपासात दिसलं ते असं. विमान उतरल्यावर थांबवण्यासाठी इंजिनाचा झोत पुढच्या दिशेला वळवणारी यंत्रणा असते, तिला थ्रस्ट रिव्हर्सर म्हणतात. ती जमिनीवरच उघडायची. या विमानात डाव्या इंजिनाची ती यंत्रणा हवेत, चढत्या वेगात उघडली. असं झालं तरी वैमानिक विमान सावरू शकतो, असं तोवर मानलं जात होतं. लाउडा अमेरिकेत बोइंगकडे गेला आणि सिम्युलेटरवर, म्हणजे विमान चालवण्याचा हुबेहूब अनुभव देणाऱ्या यंत्रावर, त्याने ते पुनःपुन्हा करून बघितलं. सावरता येत नव्हतं. मग हे जाहीर करा, असा आग्रह त्याने धरला. टाळाटाळ होतेय असं दिसल्यावर, त्याने स्वतः सांगितलेल्या हकिकतीप्रमाणे, तो म्हणाला, चला, खरं ७६७ घेऊ, मी बसतो, हवेत रिव्हर्सर उघडा. अर्थातच ते कुणी करणार नव्हतं. वैमानिकांच्या हातात काही नव्हतं, हे मग मान्य झालं आणि विमानांत ती यंत्रणा अडकवून ठेवणारं जादा कुलूप बसवलं गेलं.

आम्हाला फुजी आणि हा प्रसंग एकाच धाग्यातले वाटतात. फुजीला इंजिनाचं खोटं कारण त्याने स्वतःसाठी स्वीकारलं नाही. इथे वैमानिकाच्या चुकीचं सोयीचं कारण त्याने मेलेल्या वैमानिकांवर चिकटू दिलं नाही.

उरलेलं थोडक्यात. विषारी धुराने आणि औषधांनी शरीर पोखरलं होतं. १९९७ मध्ये भावाने मूत्रपिंड दिलं. ते निकामी झाल्यावर २००५ मध्ये बिर्गिटने दिलं, पुढे तिच्याशीच त्याचं लग्न झालं. २०१२ पासून तो मर्सिडीज संघाचा अध्यक्ष होता, आणि लुइस हॅमिल्टनला तिथे आणण्यात त्याचा मोठा वाटा. भाजलेलं डोकं झाकणारी लाल टोपी ही त्याची ओळख झाली होती, आणि त्या टोपीवरची जागाही तो प्रायोजकाला विकत असे. हिशेब शेवटपर्यंत सुटला नाही! चेहरा शस्त्रक्रियेने देखणा करून घ्यायचा विचार मात्र त्याने केला नाही. पापण्या मिटल्या पाहिजेत, एवढ्यापुरती शस्त्रक्रिया पुरे. २०१८ मध्ये फुप्फुसाचं प्रत्यारोपण झालं. २० मे २०१९ रोजी वयाच्या सत्तराव्या वर्षी तो गेला. व्हिएन्नाच्या मुख्य चर्चमध्ये त्याच्या शवपेटीवर त्याचं हेल्मेट ठेवलं होतं.

मंडळी, आपल्यापैकी कुणी फॉर्म्युला वनची गाडी चालवणार नाही. पण पावसाळ्यात घाटातून सगळेच जातो. धुकं असं दाटतं, की बॉनेटच्या पुढे काही दिसत नाही. एखादा ड्रायव्हर गाडी बाजूला घेतो, दिवे लावून थांबतो. मागचे हॉर्न वाजवत निघून जातात, आणि गाडीतलेच कुणी म्हणतं, अहो, बाकीचे जातायत की! त्या वेळी आपण त्या ड्रायव्हरच्या बाजूने बोलतो का? पुढच्या वेळी तेवढं केलं, तरी आजचं व्याख्यान ऐकल्याचं सार्थक झालं असं आम्ही समजू.